सात-दहाचं लंडन

कारापूरच्या श्रीनाथला देवाने चेहराच असा दिलेला, की तो खरं सांगायला लागला तरी समोरच्याने आधी आपला खिसा चाचपावा. त्याचा दोष नव्हे तो. बोलताना डोळे इकडे-तिकडे जायचे, कान लाल व्हायचे आणि अर्धं वाक्य तोंडातच राहायचं. आणि असा माणूस नेमका कुणापुढे जाऊन उभा राहिला? तर सुविधापुढे.

सुविधा पेडण्याच्या बाजारात कुरियरच्या काउंटरवर बसायची. मार्चचं ऊन होतं, पंखा नुसता नावाला फिरत होता. दुपारी हा आला. हेल्मेट काखेत, शर्टावर घामाची नक्षी. त्याच्या नावाने आलेला खोका होता बारा किलोचा, आणि जड खोक्यात काय आहे ते वहीत लिहायचा तिच्याकडे नियम होता.

"आत काय आहे?"

त्याने मागे बघितलं, पुढे बघितलं. "...हँडल."

"कसलं?"

"विमानाचं."

सुविधाने पेन खाली ठेवलं. "विमानाचं? बरं झालं सांगितलंत. माझा भाऊपण पायलट आहे."

तो एकदम उजळला. "होय? कुठल्या कंपनीत?"

"पेडणे बसस्टँडवर. पिवळ्या मडगार्डची मोटारसायकल. म्हापशापर्यंत सोडतो."

आता गोव्यात पायलट म्हटला की भाड्याचा मोटारसायकलवालाच, हे कारापूरच्या माणसाला काय ठाऊक नाही? पण हा बिचारा ओशाळला, हसला, आणि हसताना त्याच्या उजव्या गालावर एक खळी पडली ती सुविधाने बघितली. बघितली म्हणजे... नजर गेली. वहीत तिने लिहिलं, 'लोखंडी सामान'. आणि मनात लिहिलं, 'लबाड'.

मग दर आठवड्याला पार्सल. कधी छोटी बटणं, शंभर-शंभर. कधी वायरी, कधी काचेचे चौकोन. माणूस मांद्र्याच्या गेस्टहाउसांतले एसी दुरुस्त करायचा आणि पेडण्यात एक खोली घेऊन राहायचा. एसीला एवढी बटणं कुठे लागतात? विचारलं की म्हणायचा, "घरचं काम आहे." आणि कान लाल.

पण एक होतं. संध्याकाळी चारच्या चहाला तो पाव विकणाऱ्या पोदेराकडून गरम काकणं आणायचा. काकण म्हणजे आपला बांगडीसारखा गोल पाव. त्यातलं एक गुपचूप काउंटरवर ठेवायचा. पहिल्या दिवशी सुविधाने ते उचलून वजनकाट्यावर टाकलं.

"पंचेचाळीस ग्रॅम. कुठे पाठवायचं?"

"जवळच... काउंटरच्या पलीकडे."

"पाठवणाऱ्याचं नाव?"

"ते लिहिलंच पाहिजे?"

"नाव नसेल तर पार्सल परत जातं."

"श्रीनाथ," तो हळूच म्हणाला. आणि पार्सल काही परत गेलं नाही.

असे दोन महिने गेले. ती चारच्या सुमाराला केस नीट करायला लागली, आणि तो पार्सल नसलं तरी 'माझं काही आलंय?' विचारायला लागला. सगळं बरं चाललं होतं हो. फक्त रविवार सोडून.

"रविवारी काय करता?" तिने एकदा सहज विचारलं.

"रविवारी... मी नसतो."

"नसतो म्हणजे कुठे असता?"

"लांब."

बस्स. लांब म्हणजे कुठे, कुणाबरोबर... काही नाही. सुविधाच्या काळजात तिथे काटा रुतला. तिला संशय यायला कारणही होतं. चार वर्षांमागे तिच्या भावाला, साईशला, असाच एक गोड बोलणारा भेटला होता. लंडनला नेतो म्हणाला. तारीख दिली, वेळ दिली, विमानाचा नंबर दिला. साईश नवीन बूट घालून, बॅग घेऊन मुंबईच्या विमानतळावर पोचला, तर त्या नंबरचं विमानच नव्हतं. आणि तो एजंटही नव्हता. परत आला तेव्हा पोराने आठ दिवस खोलीचं दार-जनेल उघडलं नाही. तेव्हापासून गोड बोलणारा माणूस दिसला की सुविधा आधी तो काय लपवतो ते बघायची, मग खळी.

आणि एका बुधवारी श्रीनाथ काउंटरवर वाकला. काकण नव्हतं, पार्सल नव्हतं. कान मात्र आधीच लाल.

"एक विचारायचं होतं... आईला घेऊन तुमच्या घरी येऊ का?"

पंखा फिरत होता, तो क्षणभर थांबला असं तिला वाटलं. हो म्हणायला जीभ वळली होती. पण मध्ये रविवार आडवा आला.

"रविवार झाल्यावर सांगते," ती म्हणाली.

तो एवढा गडबडला की हेल्मेट उचललं आणि वही विसरला. छोटी, तेलकट बोटांचे डाग पडलेली वही. सुविधाने ती परत द्यायला उचलली... आणि उघडली. तुम्ही नसती उघडली? उगाच सांगू नका.

आत लिहिलेलं होतं:

'मोपा ते लंडन. सुटलं ७.१०. पाशेजर १. मस्कतच्या अलीकडे उतरली.'

'मोपा ते लंडन. सुटलं ७.१०. पाशेजर १. इराणात उतरली. रडत होती.'

'मोपा ते लंडन. सुटलं ७.१०. पाशेजर १. काळ्या समुद्रापर्यंत गेली. कुणाला सांगू नको म्हणाली.'

आणि शेवटी, जाड अक्षरात: 'या रविवारी लंडनपर्यंत न्यायचीच.'

सुविधाने वही पर्समध्ये टाकली.

रात्री जेवताना तिने वही साईशपुढे ठेवली. साईशने वाचली, परत वाचली, आणि माशाचा तुकडा ताटात तसाच राहिला.

"रविवारी सात-दहाक मोपाच्या विमानतळावरसून लंडनचा विमानच नाय," तो म्हणाला. "मी रोज पाशेजर सोडतंय थंय. माका खबर आसा."

"म्हणजे?"

"म्हणजे तोच धंदो. नसलेल्या विमानात माणसां बसवता." त्याने ताट बाजूला सारलं. "आणि ह्यो तर बायल माणसांक नेता! इराणात उतरवता!"

"पण तो तसा वाटत नाही रे..."

"माझो एजंटव वाटूक नाय होतो गो."

सुविधाने वही मिटली.

रविवारी सकाळी साडेसहाला भाऊ-बहीण पेडणे बसस्टँडजवळच्या गाड्यामागे दबा धरून उभी. डिचोलीहून पहिली बस आली. श्रीनाथ पुढे झाला. बसमधून एक बाई उतरली. डोक्यावरून पदर, काखेत बोचकं, आणि एवढ्या उकाड्यात अंगावर लोकरीची शाल! श्रीनाथने तिचा हात धरला, मोटारसायकलवर बसवलं, आणि निघाला.

"बघलंस? लंडनची थंडी म्हणान शाल," साईश दातओठ खात म्हणाला आणि गाडीला किक मारली.

खोली होती गावाबाहेर, काजूच्या बागेच्या कडेला. दार आतून बंद. दोघं समोरच्या गाड्यावर बसली, पातळभाजी-पाव मागवला, पण लक्ष सगळं दाराकडे. एसी घरघरत होता. सात-दहाला आतून असा आवाज उठला, की गाड्यावरचे पेले थरथरले. जणू खोलीच उडणार. मग एक बाई इंग्रजीत काहीतरी बोलली. मग श्रीनाथचा आवाज, साहेबासारखा गंभीर. मग नुसती गूंऽऽ... गूंऽऽ.

"आत दुसरीपण एक आहे," सुविधा म्हणाली.

दीड तास तिने कळ काढली. मग उठली, रस्ता ओलांडला, आणि दारावर मुठी मारल्या.

दार अर्धं उघडलं. कानाला हेडफोन लावलेला श्रीनाथ. तिला बघून त्याचा चेहरा असा झाला, की चोराचासुद्धा होत नाही.

"सुविधा... आता नको. आम्ही समुद्रावर आहोत."

"बाजूक हो!" साईशने खांदा लावला.

दार उघडलं, आणि दोघं उंबऱ्यावरच खिळली.

खोलीत खाट नव्हती, कपाट नव्हतं. समोर टीव्हीसारखे तीन मोठे पडदे आणि त्यांत निळं आकाश, खाली कापसासारखे ढग. पडद्यांखाली बटणंच बटणं — तिच्याच काउंटरवरून गेलेली. मधोमध ते बारा किलोचं हँडल. बसायला एक कदेल त्याचं, एक बाजूला रिकामं. आणि मागे, भंगारातून आणलेल्या बसच्या सीटवर, गाडीचा पट्टा पोटाला बांधून ती बाई बसलेली. गुडघ्यांसमोर चार बोटांवर, पुढच्या सीटची पाठ म्हणून, प्लायवूडची फळी. फळीला लहान टेबल, टेबलावर डब्यात शिरा.

"दार लाय गो बाय," बाई शाल ओढत म्हणाली. "थंडी भायर जाता."

"ही कोण?" सुविधाने विचारलं.

"...आई."

आता सांगायला इलाजच नव्हता. श्रीनाथचा धाकटा भाऊ स्वप्नील लंडनला. त्याच्या बायकोला दिवस गेलेले, दिवाळीनंतर बाळंतपण. आई, विनोदिनी तिचं नाव, तिला जायचंय. पण विमानाचं नाव काढलं की तिचे पाय लटलटतात. शाळेपासून श्रीनाथला घरच्या कॉम्प्युटरवर विमान उडवायचा नाद. तर त्याने लांब पल्ल्याचं मोठं विमान विकत घेऊन त्या खेळात घातलं. साधं नव्हे. प्रत्येक बटण चालणारं, आधी इंधनाचा हिशोब मागणारं, पाशेजर किती ते विचारणारं, आणि साडेदहा तासांचा प्रवास साडेदहा तासच घेणारं. घाई करायचं बटणही त्यात होतं, पण त्याने ते कधी दाबलं नाही. खऱ्या विमानात आईला कोण घाई करून देणार होता?

"पहिल्या आयताराक मस्कत येवच्या आधीच उतरलंय," विनोदिनी म्हणाली. "म्हटलंय, गॅसवर पेज आसा."

"आणि इराणात?" सुविधाने विचारलं.

"थंय विमान हाललां. रडलंय." मग तिने बोट उगारलं. "भायर कोणाक सांगशात तर बघा! कारापूरभर हसतले. म्हणून तर ह्याका शपथ घातलंय."

साईशने पडद्यावरचं आकाश बघितलं, डब्यातला शिरा बघितला. मग त्याने बहिणीच्या कानाशी तोंड नेलं. "एजंट न्हय गो. येडो आसा. एजंटापेक्षा येडो बरो." आणि तो आपल्या पाशेजरांकडे निघून गेला.

सुविधा राहिली. 'पाच मिनिटं' म्हणून बाजूच्या कदेलात टेकली, ती उठलीच नाही. श्रीनाथ हळूहळू एकेक दाखवायला लागला. हे इंधन, हा वारा, हे आता पोट हलकं झालं म्हणून विमान आणखी वर न्यायचं. काउंटरवर अर्धं वाक्य गिळणारा माणूस इथे सरळ बोलत होता. डोळे इकडे-तिकडे जात नव्हते, कानही लाल नव्हते.

"सकाळी इंग्रजीत बोलणारी बाई कोण?" तिने मध्येच विचारलं.

"विमान बोलतं ते."

"तुझ्याशीच बोलतं की सगळ्यांशी?"

"चुकलो की बोलतं. म्हणजे... माझ्याशीच जास्त."

ती हसली. पहिल्यांदाच 'तू' म्हणाली होती, ते दोघांच्याही लक्षात आलं आणि दोघांनीही तुर्कस्तानाचे डोंगर फार मन लावून बघितले.

दुपारी विनोदिनी घोरायला लागली. श्रीनाथने डबा उघडला, भात आणि माशांचं हुमण दोघांत वाटलं. पाणी घ्यायला म्हणून सुविधाने हात लांबवला, आणि कीबोर्डखालून एक निळं पाकीट डोकावलं.

पेडण्यात ते निळं पाकीट कोण ओळखत नाही? पोर्तुगीज पासपोर्टची कामं करणाऱ्या वकिलाचं. आजा-बापाचा जन्म पोर्तुगीज राजवटीतला असला की लिस्बनला नोंद होते, नातवाला पासपोर्ट मिळतो, आणि नातू उठून परदेशात जातो तो गणपतीलाच तोंड दाखवतो. अर्धा तालुका गेलाय तसा. आणि हे पाकीट तिच्या काउंटरवरून गेलेलं नव्हतं. म्हणजे मुद्दाम दुसऱ्या कुरियरने मागवलेलं. तिच्यापासून लपवून.

रविवारचा काटा निघाला होता, तिथे आता सुरी रुतली. आईला आधी पाठवायचं, मागून आपण... आणि मध्ये एका मुलीला 'घरी येऊ का' विचारून ठेवायचं. तिने पाकीट होतं तसं कीबोर्डखाली सरकवलं. काळा समुद्र गेला, जर्मनी गेली. तो तिच्याकडे बघायचा, ती ढगांकडे.

पाच वाजता विमान खाली यायला लागलं. बाहेर पेडण्यात ऊन रखरखत होतं, आणि पडद्यावर लंडनचा पाऊस काचेवरून तिरपा धावत होता. श्रीनाथने एक कार्ड तिच्या हातात दिलं.

"जरा मदत कर. खऱ्या विमानात एक विचारतो, दुसरा उत्तर देतो. उत्तर बरोबर आलं तरच पुढची ओळ. मी एकटाच दोन्ही करतो, पण ते... बरं नव्हे."

"उत्तर बरोबर आलं तरच?"

"तोच तर नियम."

सुविधा ताठ बसली. "स्पीडब्रेक?"

"तयार."

"ऑटोब्रेक?"

"दोनवर."

पुढची ओळ चाकांची होती. तिने कार्ड मांडीवर उलटं ठेवलं. "निळं पाकीट?"

तो चमकला. "ते... कार्डावर नाही."

"माझ्या कार्डावर आहे. दुसऱ्या कुरियरने का मागवलंस?"

"सुविधा, चाकं—"

"उत्तर."

विमान ढगातून खाली घसरत होतं. त्याचे कान पेटले. "तू ते बघितलं असतंस, तर काकणाकडे बघितलं नसतंस. म्हणून."

"कागद झाले?"

"झाले. स्वप्नीलबरोबरच टाकले होते, दोन वर्षांमागे. पुढच्या महिन्यात सहीची तारीख होती."

"होती?"

"बुधवारी रद्द केली."

"पुरावा?"

त्याने एका हाताने खिशातून फोन काढून तिला दिला. "वकिलाचा मेसेज बघ."

तिने बघितला. अगदी वेळेसकट बघितला, ती सुविधा होती. बुधवार, सकाळी अकरा-वीस. वकील लिहीत होता, 'परत एकदा विचार करा.' आणि तिच्या काउंटरवर हा आला होता चारला. म्हणजे तिला विचारायच्या आधी.

"आणि मी नाही म्हटलं असतं तर?"

"तर काय... काकणं एकट्याने खाल्ली असती. पण गेलो नसतो. स्वप्नीलला तिकडे बरं वाटतं, मला वाटलं नसतं. मला ढगांत जायचं असतं तेवढं मी इथून जातो, आणि संध्याकाळी हुमण खायला घरीच—"

*"टू लो! गिअर!"* विमान जोरात किंचाळलं.

"अरे देवा, चाकं!" त्याने इंजिनांचा दांडा पुढे ढकलला, हँडल मागे ओढलं. इंजिनं गरजली, पडद्यावरचं लंडन खाली बुडालं, पेले-डबे खडखडले.

विनोदिनी दचकून जागी झाली. "काय रे? लंडनाक पावलंव?"

"नाय आई. परत एक फेरी."

"कित्याक?"

"...जागा मोकळी नव्हती."

"खोटं," सुविधा म्हणाली. "माझ्यामुळे." आणि दिवसभरात पहिल्यांदा तिने त्याच्याकडे सरळ बघितलं. त्याने तिच्याकडे. पाऊस काचेवर धावत राहिला.

दुसऱ्या फेरीला तिने कार्ड नीट धरलं. "चाकं?"

"खाली. तीन हिरवे दिवे."

"फ्लॅप?"

"तीस."

"कार्ड संपलं," ती म्हणाली. धावपट्टीचे दिवे समोर मोठे होत होते. "आता तू विचार."

"काय?"

"बुधवारचं."

"घरी... येऊ?"

*"फिफ्टी,"* विमान उरलेली उंची मोजत म्हणालं. *"फोर्टी."*

"ये," सुविधा म्हणाली. "गुरुवारी ये. साईश तेव्हा घरी असतो."

*"थर्टी. ट्वेंटी."*

आता त्या माणसाने समोर बघायचं की नाही? नाही बघितलं. तो बघत होता तिच्याकडे, तोंडभर खळी घेऊन. विमान धाडकन आपटलं, उडालं, परत आपटलं, आणि कसंबसं पाण्याचे फवारे उडवत लंडनच्या धावपट्टीवर थांबलं.

मागे पट्ट्याचा खटका वाजला. विनोदिनीने शाल घडी केली, गुडघे चोळले, आणि दोघांच्या पाठी येऊन उभी राहिली.

"भय गेला माझा. मी लंडनाक जातलंय," ती म्हणाली. "पण त्या दिसाचो पायलट लगीन झालेलो बघ रे बाबा. तो तरी फुडे बघून उतरवतलो."